द्राक्ष, दूध आणि पाहुणे

नाशिककराला पाहुण्यांची नवलाई नाही. रामकुंडावर उतरलेल्या यात्रेकरूला गाव आणि आडनाव विचारावे, बासनातून लांबलचक वही काढावी आणि त्याच्या पणजोबाच्या हातची सही त्याच्यापुढे ठेवावी, हा आमच्या तीर्थोपाध्यायांचा पिढ्यान्‌पिढ्यांचा व्यवसाय. कोठे उतरावे, कोणते स्थान आधी पाहावे, कोठे काय वाहावे हे तो सांगतो आणि आपली दक्षिणा घेतो. वाटाड्या घेऊन, पैसे मोजून एखादी गोष्ट पाहावयास जाणे हे या गावाला कोणी नव्याने शिकवावयास नको. नवे आहे ते एवढेच, की गेल्या वीसएक वर्षांत गोदावरीच्या वरच्या अंगाला, गंगापूर धरणाच्या बाजूला, पाहुण्यांची दुसरी एक रांग लागली आहे. हे पाहुणे देवदर्शनाला येत नाहीत. द्राक्षाची वाइन कशी होते ते पाहावयास येतात, चार पेले चाखतात, बाटली विकत घेतात आणि संध्याकाळी मुंबईची वाट धरतात.

वाइन ही दारू की नव्हे, हा वाद येथे आम्ही काढीत नाही. २०२२ च्या जानेवारीत राज्य मंत्रिमंडळाने मोठ्या दुकानांतून वाइन विकू देण्याचे ठरविले, तेव्हा त्यावर पुरेसे रण माजले होते. आम्ही स्वतः पीत नाही आणि पिण्याची शिफारसही करणार नाही. परंतु जो धंदा आपल्या वेशीवर उभा आहे, ज्याच्यात आपल्या जिल्ह्यातली हजारो माणसे राबतात, तो आवडो वा नावडो, समजून घेणे भाग आहे. आमचे आयुष्य कामगार संघटनेत गेले. कारखान्यात पाहुणे येणार म्हटले की काय होते, हे सातपूर-अंबडच्या कोणाही कामगाराला विचारा. आदल्या दिवशी फरशीवर पिवळे पट्टे ओढले जातात, सकाळी हातमोजे वाटले जातात, आणि पाहुण्यांची मोटार फाटकाबाहेर पडली की ते हातमोजे मोजून परत स्टोअरमध्ये जमा होतात. पाहुणा काय पाहतो आणि त्याला काय दाखविले जात नाही, या प्रश्नाची गोडी आम्हांस तेथून लागली.

खाण्याच्या वस्तू कशा होतात ते पैसे देऊन पाहावयास जाणे, ज्याला आम्ही सोयीसाठी अन्नयात्रा म्हणू, याचा उत्तम विकास इटलीत झालेला आहे. तिकडे आम्ही गेलेलो नाही. जे वाचले, ताडून पाहिले, ते सांगतो. उत्तर इटलीत पो नावाची मोठी नदी आहे. तिच्या दक्षिणेला पार्मा, रेज्जो एमिलिया आणि मोदेना अशी तीन गावे ओळीने लागतात. एकीकडून दुसरीकडे जाणे म्हणजे नाशिकहून निफाडला, फार तर येवल्याला जाण्याइतकेच. या टापूतल्या दोन वस्तूंनी जगात नाव काढले आहे: एक चीज आणि एक व्हिनेगर.

आधी चीज पाहू. त्याचे नाव पार्मिजानो रेज्जानो. पिझ्झ्यावर 'पार्मेझान' म्हणून जी पूड मिळते ती या नावाची दूरची, आणि पुष्कळदा खोटी, नातेवाईक. हे चीज पाहावयास जायचे तर पहाटे उठावे लागते. संध्याकाळचे दूध रात्रभर पसरट भांड्यांत ठेवतात, वर आलेली साय काढून घेतात, आणि त्यात सकाळचे निरसे दूध मिसळतात. हे मिश्रण तांब्याच्या, उलट्या घंटेच्या आकाराच्या काहिलीत जाते. एका काहिलीत हजार-अकराशे लिटर दूध मावते. त्यात कालच्या चीजची उरलेली आंबट निवळी घालतात. आपल्याकडे आज्जीबाई कालच्या दह्याचे विरजण आजच्या दुधाला लावतात, तेच हे. नंतर वासराच्या जठरातून काढलेला रस घालतात, त्याने दूध दहा-बारा मिनिटांत गोठते. शाकाहारी वाचकांनी हे वाक्य पुन्हा एकदा वाचून ठेवावे. आपल्याकडच्या कारखान्यांतले चीज सामान्यतः या रसाने करीत नाहीत, पण खऱ्या पार्मिजानोला दुसरा उपाय नाही.

गोठलेले दूध मग एका भल्या थोरल्या रवीने फोडतात, तांदळाच्या कणीएवढे बारीक होईपर्यंत. आच वाढवून ५५ अंशांपर्यंत नेतात, आणि केव्हा थांबवायचे हे तेथला कारागीर हात घालून ठरवितो. कोल्हापूरच्या गुऱ्हाळात गुळव्या जसा काहिलीतला पाक बोटांत धरून 'उतरवा' म्हणतो, तसाच हा माणूस. त्याला तिकडे 'कासारो' म्हणतात. हा शब्द चीजच्या लॅटिन नावावरून आला आहे, आपल्या कासाराशी त्याचा काही संबंध नाही. परंतु त्याचे भांडे तांब्याचेच, आणि तांबट आळीत वाढलेल्या नाशिककराला त्या चकाकीने घरच्यासारखे वाटेल. तळाला बसलेला गोळा कापडात उचलून दोन भाग करतात, प्रत्येकाचे एक चाक होते. ही चाके सुमारे वीस दिवस मिठाच्या पाण्यात पोहतात आणि मग फळ्यांवर जाऊन बसतात. कमीत कमी १२ महिने, सामान्यतः २४, कधी ३६ आणि त्याहून अधिक. तयार चाकाचे वजन ४० किलोच्या आसपास आणि त्यासाठी गेलेले दूध साडेपाचशे लिटरच्या घरात. उरलेली निवळी वाया जात नाही, ती डुकरांना पाजतात, आणि त्या डुकरांच्या मांडीपासून पार्म्याची दुसरी प्रसिद्ध वस्तू होते. तो विषय आमच्या श्रोत्यांना रुचणारा नाही, म्हणून येथेच सोडतो.

वर्ष झाले की परीक्षक येतो. त्याच्या हातात एक लहानशी हातोडी असते. कुंभारवाड्यात माठ घेताना आपण टिचकी मारून आवाज ऐकतो, तसा तो चाकावर ठोके मारीत फिरतो. आत पोकळी किंवा भेग असेल तर आवाज बदलतो. उत्तीर्ण झालेल्या चाकावर तापलेल्या शिक्क्याने खूण उमटवितात. जे नापास झाले त्याच्या सालीवरचे नाव खरवडून काढून टाकतात. चीज तेच, खाण्यालाही चांगले, पण नाव गेले म्हणजे किंमत गेली. या शिक्क्याची राखण करणारा उत्पादकांचा संघ १९३४ साली स्थापन झाला. आज सुमारे तीनशे दुग्धशाळा मिळून वर्षाला सुमारे ४० लाख चाके करतात, आणि त्यांपैकी पुष्कळ दुग्धशाळा दूधवाल्या शेतकऱ्यांच्या सहकारी आहेत. प्रवरानगरचा साखर कारखाना १९५० साली उभा राहताना ज्यांनी पाहिला, त्यांना ही कल्पना समजावून सांगावी लागणार नाही. एक विशेष मात्र सांगितला पाहिजे. तिकडची एक बँक ही चाके तारण म्हणून आपल्या वखारीत ठेवते आणि दुग्धशाळेला कर्ज देते. चाक पिकत राहते, कर्ज चालू राहते, आणि चाक विकले की कर्ज फिटते. आपल्या बाजार समित्यांत शेतमाल तारण योजना आहे, तिचाच हा थोरला इटालियन भाऊ म्हणावयास हरकत नाही.

आता व्हिनेगर. याला बाल्सामिको म्हणतात आणि ते मोदेना व रेज्जो येथे होते. नावाने व्हिनेगर असले तरी लोणच्यात घालतो त्या सिरक्याशी त्याची तुलना करू नये. द्राक्षाचा रस उघड्या भांड्यात, विस्तवावर, तासन्‌तास आटवितात. आमच्या डोळ्यांपुढे येथे काकवी येते. हा आटलेला रस मग लाकडी पिंपांच्या एका मालिकेत जातो. पाच, सहा, सात पिंपे, प्रत्येक आधीच्याहून लहान. कोणते ओकचे, कोणते चेरीचे, कोणते तुतीचे, कोणते चेस्टनटचे. ही मालिका तळघरात ठेवीत नाहीत. ती घराच्या माळ्यावर, कौलांखाली असते, कारण उन्हाळ्यात तापणे आणि हिवाळ्यात गारठणे हेच तिचे काम आहे. दरवर्षी सर्वांत लहान पिंपातून थोडेसे काढतात, ती उणीव त्याच्या मोठ्या भावाकडून भरून काढतात, त्याची त्याच्याहून मोठ्याकडून, आणि सर्वांत मोठ्यात नवा रस ओततात. असे निदान १२ वर्षे चालावे लागते. 'अतिजुने' म्हणवून घ्यायचे तर २५. मग संघाचे परीक्षक चाखून गुण देतात आणि ठरावीक आकाराच्या, १०० मिलिलिटरच्या कुपीत ते भरले जाते. त्या कुपीला काही हजार रुपये पडतात. मुलगी जन्मली की तिच्या नावाने पिंपांची मालिका सुरू करावी आणि लग्नात तिला द्यावी, अशी तिकडे जुनी रीत सांगतात.

परंतु बाजारात त्याच गावाचे नाव लावलेली आणखी एक बाटली असते आणि ती शे-दोनशे रुपयांनाही मिळते. तिच्यात द्राक्षरसाबरोबर वाइनचे साधे व्हिनेगर असते आणि तिचे किमान वय १२ वर्षांऐवजी ६० दिवस. तीही कायदेशीरच आहे, तिला युरोपात २००९ साली वेगळे मानांकन मिळाले. आता दुकानात उभ्या असलेल्या गिऱ्हाइकाला हा फरक कोणी समजवावा? लेबलावर तो मावत नाही. जाहिरातीवर विश्वास बसत नाही. म्हणून त्याला माळ्यावर न्यावे, पिंपाचे बूच काढून वास द्यावा, चमच्यावर एक थेंब द्यावा आणि आजोबांनी कोणत्या वर्षी हे पिंप आणले ते सांगावे. एवढे झाल्यावर तो खुशीने पैसे मोजतो. अन्नयात्रेचे अर्थशास्त्र ते हेच. दोन वस्तूंच्या किमतीतला फरक गिऱ्हाइकाला त्याच्याच खर्चाने शिकविण्याची ती शाळा आहे. चीजचेही तसेच. युरोपच्या न्यायालयाने २००८ साली 'पार्मेझान' हे नावही त्या चीजवाल्यांचेच आहे असा कौल दिला. अमेरिकेत मात्र कोणीही ते आपल्या डब्यावर छापू शकतो. न्यायालयाचा हात जेथे पोहोचत नाही, तेथे घरी परतलेला पाहुणाच साक्षीदार म्हणून उपयोगी पडतो. म्हणून तिकडे दुग्धशाळा आणि व्हिनेगरचे माळे वर्षातून ठरावीक दिवशी सर्वांना खुले ठेवण्याची प्रथाही पडली आहे.

इतके सर्व ऐकल्यावर आमच्यासारख्याच्या मनात जो प्रश्न येतो तो असा: त्या पहाटेच्या फेरीत पाहुणा कासारोला पाहतो, परीक्षकाला पाहतो, माळ्यावरच्या आजीला पाहतो, पण दूध कोठून आले? गायी कोण धूतो? याचे उत्तर आपल्या देशात येऊन पोहोचते. पो नदीच्या खोऱ्यातल्या गोठ्यांत गेली तीसेक वर्षे पंजाबातून गेलेले शीख कामगार फार मोठ्या संख्येने काम करीत आहेत. पहाटे दोन-तीनला उठून पहिली धार काढायची, दुपारनंतर दुसरी; गाय रविवार पाळीत नाही आणि सणही पाळीत नाही. स्थानिक तरुणांनी हे काम सोडले, ते पंजाबच्या जाट शेतकऱ्यांच्या मुलांनी उचलले. रेज्जो एमिलिया प्रांतात नोव्हेल्लारा म्हणून एक गाव आहे, तेथे २००० साली मोठा गुरुद्वारा उघडला. चाकाच्या सालीवर दुग्धशाळेचा क्रमांक उमटलेला असतो. गोठ्यातल्या माणसाची खूण त्याच्यावर कोठे नसते. शेकडो वर्षांची परंपरा असे वाटाड्या सांगतो तेव्हा ते खोटे नसते. परंतु परंपरा आज कोणाच्या पाठीवर उभी आहे, तेवढे वगळलेले असते.

२०१२ च्या मे महिन्यात, २० आणि २९ तारखेला, त्या भागात भूकंप झाला. फळ्यांच्या उंच रांगा कोसळून चीजची लाखो चाके खाली आली. ती छायाचित्रे जगभर छापून आली आणि लोकांनी ते फुटके चीज विकत घेऊन शेतकऱ्यांना हात दिला, ही गोष्ट चांगलीच झाली. परंतु २९ तारखेचा धक्का सकाळी नऊच्या सुमारास बसला. पहिल्या धक्क्यानंतर कामावर परत आलेले मजूर त्या वेळी कारखान्यांच्या छपरांखाली होते आणि छपरे कोसळून त्यांतले काही मेले. त्या भूकंपाचे नाव काढले की लोकांना अजून चीज आठवते.

आता आपल्या नदीकडे येऊ. जिल्ह्यात द्राक्ष जुने आहे, वाइन नवी. १९९० च्या दशकाच्या उत्तरार्धात राजीव सामंत यांनी गंगापूरच्या बाजूला वाइनची द्राक्षे लावली, १९९९ साली सुला कंपनी निघाली, २००० साली तिची वाइन बाजारात आली. २००१ साली राज्य सरकारने द्राक्षप्रक्रिया उद्योगाचे धोरण जाहीर केले, करात सूट दिली आणि आपल्याकडे विंचूर व सांगलीकडे पलूस येथे वाइन पार्क काढले. मग डझनावारी वायनऱ्या उभ्या राहिल्या. २००५ साली सुलाने पाहुण्यांसाठी चव घेण्याची खोली उघडली आणि वाइन पाहावयास येणे नावाचा उद्योग नाशकात सुरू झाला. आज त्या वाटेवर मुक्कामाची हॉटेले आहेत, जानेवारी-फेब्रुवारीत द्राक्षे तुडविण्याचा खेळ असतो, आणि शनिवार-रविवारी गंगापूर रस्त्यावर मुंबई-पुण्याच्या मोटारींची दाटी होते.

फेरीत काय दाखवितात? द्राक्षे उतरविण्याची जागा, घड दाबणारे यंत्र, पोलादाच्या मोठमोठ्या टाक्या. पांढऱ्या वाइनसाठी टाकी थंड राखावी लागते, तांबडीसाठी सालीसकट आणि थोड्या उबेत आंबवितात, कारण रंग सालीत असतो, रसात नसतो. मग ओकची पिंपे. मग टेबलाशी बसून पेला धरावा कसा, फिरवावा कसा, नाक कोठे खुपसावे याचा पाठ. वाटाड्या मुले-मुली बहुधा चुणचुणीत असतात, दिवसात तेच वाक्य आठ वेळा हसत बोलणे हे किती कष्टाचे काम आहे ते आम्ही जाणतो, आणि त्यांना कोणी कामगार म्हणत नाही म्हणून त्यांची मोजणी कोणत्याच मागणीपत्रात होत नाही.

जे दाखवीत नाहीत त्यातले पहिले म्हणजे वेल. पाहुणा वेलीसमोर छायाचित्र काढतो, पण वेलीचे वर्ष त्याला कोणी सांगत नाही. आणि खरे कौतुक तेथे आहे. इटलीत हिवाळ्यात वेल झोपतो, पाने गाळतो, वसंतात उठतो. आपल्याकडे त्याला झोपच येत नाही. म्हणून माणसाने त्याला वर्षातून दोनदा कापायचे: एप्रिलमध्ये खरड छाटणी, ज्यातून पुढच्या काड्या तयार होतात, आणि सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये गोडी छाटणी, ज्यातून फळ येते. जानेवारी ते मार्च तोडणी. म्हणजे युरोपातला बागाईतदार एकदा छाटतो तेथे नाशिकचा दोनदा छाटतो. नाशिकच्या वाइनमध्ये जर काही नाशिकचे असेल, तर हवेइतकीच ही दुसरी कात्री होय.

ही कात्री धरणारे हात पेठचे, सुरगाण्याचे, त्र्यंबकच्या डोंगरातले. भात-नागलीची कामे आटोपली की टोळ्या खाली उतरतात. गिरणाऱ्याला सकाळी सातला जाऊन पाहा. माणसे उभी असतात, बागाईतदार येतात, भाव ठरतो, जीप भरते. काही टोळ्या मुकादमाकडून उचल घेऊन हंगामभर बागेतच राहतात. काम एकराच्या हिशेबाने, उक्ते. छाटणी, विरळणी, बांधणी, तोडणी यांत जे बोट चालते ते कासारोच्या बोटाहून कमी शहाणे नाही. कोणता डोळा ठेवायचा आणि कोणता उडवायचा हे बाई क्षणात ठरविते, आणि तिची चूक पुढच्या फेब्रुवारीत कळते.

येथे एक गोष्ट सांगितलीच पाहिजे. ऑक्टोबरच्या छाटणीनंतर सगळे डोळे एकदम फुटावेत म्हणून काडीला हायड्रोजन सायनामाइड नावाचे औषध लावतात, बागाईतदार त्याला पेस्टिंग म्हणतात. आपल्या वेलीला झोप नाही म्हणून ही युक्ती. हे औषध कातडी जाळते. पण त्याचा दुसरा गुण फार कमी लोकांना ठाऊक आहे. ते अंगात भिनलेल्या माणसाने त्या दिवसांत दारूचा घोट घेतला, तर शरीराला ती दारू पचविता येत नाही. तोंड लालबुंद होते, छाती धडधडते, श्वास लागतो, माणूस आडवा पडतो. युरोपीय संघाने २००८ साली या औषधाला मान्यता नाकारली. आपल्याकडे ते चालते. म्हणजे ज्या वेलीच्या फळाची वाइन पाहुणा चाखतो, त्या वेलीच्या डोळ्याला हात लावणाऱ्या मजुराला संध्याकाळी ती चाखणे हे विष होऊ शकते. मजुराला पिऊ नको म्हणून सांगणारे पुष्कळ आहेत आणि त्यांत आम्हीही आहोत. परंतु का पिऊ नको हे सांगून त्याच्या हाती रबरी मोजे देणारे, आणि ते मोजे परत न मागणारे, थोडे आहेत.

आतल्या कामगाराचाही धोका असाच न दिसणारा. रस आंबताना कार्बन डायऑक्साइड निघतो. तो हवेपेक्षा जड, त्याला वास नाही, रंग नाही. टाकीच्या तळाशी आणि खड्ड्यांत साठून राहतो. टाकी रिकामी झाली म्हणून धुवावयास उतरलेल्या माणसाला तो दोन श्वासांत बेशुद्ध करतो, आणि त्याला काढावयास धावलेल्यालाही. जगभरच्या वाइनउद्योगात असे मृत्यू झालेले आहेत. हवा मोजल्याशिवाय आणि बाहेर दोरी धरणारा माणूस असल्याशिवाय टाकीत उतरू नये, हा एक नियम पाहुण्यांच्या फेरीत सांगितला तर अर्धे मिनिटही लागणार नाही. पाहुणे शहाणे असतात, त्यांना तो ऐकावयास आवडेल.

कोणी म्हणेल, यात बागाईतदाराचे तरी काय भले झाले? प्रश्न रास्त आहे. २००८ च्या अखेरीस जगात मंदी आली, मुंबईवर हल्ला झाला, हॉटेले ओस पडली, आणि पुढच्या दोन हंगामांत कितीएक वायनऱ्यांनी द्राक्षे उचलली नाहीत, काहींनी उचललेल्यांचे पैसे दिले नाहीत. वाइनचे द्राक्ष बारीक, बियांचे, जाड सालीचे. ते बाजारात टोपलीत घालून विकता येत नाही. कराराची वायनरी हेच त्याचे एकमेव गिऱ्हाईक. शेतकऱ्यांनी त्या बागा कुऱ्हाडीने तोडल्या. पार्म्याचा दूधवाला दुग्धशाळेचा सभासद असतो, नाव त्याच्या संघाचे असते, तारणाचे चाकही त्याचेच. आपल्याकडे 'नाशिक व्हॅली वाइन' या नावाला भौगोलिक मानांकन मिळालेले आहे, म्हणजे कायद्याने ते नाव या मातीतल्या सर्वांचे. परंतु घरी जाणाऱ्या पाहुण्याच्या तोंडी कंपनीचे नाव असते. फेरीवर लावलेले पैसे त्या नावात जमा होतात, खोऱ्याच्या नावात नव्हे. द्राक्षाच्या निर्यातीसाठी १९९१ साली बागाईतदारांच्या सहकारी संस्थांनी एकत्र येऊन महाग्रेप्स उभे केले होते. पाहुण्यांच्या बाबतीत तसे काही करता येणार नाही असे आम्हांस वाटत नाही. शेतावरच्या पर्यटनाचे धोरण राज्य सरकारने २०२० साली केले आहे. आपल्याकडे दाखविण्यासारखे वाइनपलीकडेही आहे: भगरीच्या गिरण्या, चिवड्याच्या भट्ट्या, नागलीचे पापड लाटणाऱ्या बायांचे गट.

कोल्हापूरच्या गुऱ्हाळांकडे पाहावे. तेथे फेरीचे तिकीट पूर्वी कधीच नव्हते. आल्यागेल्याला रसाचा पेला आणि हातावर गरम काकवी देणे ही रीत होती, आहे. गुळाला २०१४ साली मानांकन मिळाले आणि पाहुणे वाढले. पण चुलवाणात रात्रभर चिपाड सारणारा माणूस अजून धुरातच बसतो, आणि गुऱ्हाळे कमी होत चालल्याची जी कारणे सांगतात, त्यांत असा माणूस मिळत नाही हे एक कारण आहे. पाहावयास गर्दी आणि करावयास कोणी नाही, अशी अवस्था येण्याआधी त्याचा हिशेब झाला पाहिजे.

हिशेब म्हणजे काय, तर आमच्या संघटनेने एका बागेत जे बोलणे केले ते सांगतो. तेथे तोडणीच्या दिवसांत पाहुण्यांचे जथे ओळींमध्ये आणीत. टोळीला कात्री थांबवावी लागे, बाजूला सरावे लागे, घड हातात धरून उभे राहावे लागे, आणि काम उक्ते असल्यामुळे तो तास टोळीच्याच खिशातून जाई. बायांचे म्हणणे असे, की फोटोला आमची ना नाही. विचारून काढा, आणि थांबविलेत तर थांबल्याचे द्या. तीन बैठका झाल्या. पहिल्या बैठकीत मालक म्हणाले, पाहुण्यांशी तुमचा काय संबंध? दुसऱ्या बैठकीत आम्ही दोन दिवसांचा तासांचा कागद ठेवला. तिसऱ्या बैठकीत ठरले: दर जथ्यामागे टोळीला ठरावीक रक्कम, ओळीच्या टोकाला सावली आणि पिण्याचे पाणी, आणि पाहुणे सकाळी अकरानंतरच ओळीत येतील. उन्हाआधीचे तास कात्रीचे, ते द्राक्षालाही बरे असते, हे मालकांनाही पटले.

शेवटी उठताना टोळीतली एक वयस्क बाई म्हणाली, आणखी एक राहिले. आम्ही सात हंगाम इथली द्राक्षे तोडतो, गाडी भरून देतो, ती त्या दारातून आत जातात. पुढे त्यांचे काय होते ते आम्ही पाहिलेले नाही. पाहुण्यांना दाखविता ते आम्हालाही एकदा दाखवा. मालक क्षणभर गप्प राहिले आणि हसून हो म्हणाले. बाजाराच्या दिवशी टोळी सुट्टीवर असते, त्या दिवशी सकाळी बावीस जणी आणि नऊ पुरुष आत गेले. वाटाड्या मुलगी नेहमीची इंग्रजी वाक्ये सोडून मराठीत बोलू लागली आणि प्रथम थोडी अडखळली. बायांनी टाकीला हात लावून पाहिला, बाहेरून गार होती, पाणी सुटलेले होते. त्यांनी वाटाड्या मुलीला विचारले, एका टाकीत किती क्रेट जातात? तिला ते सांगता येईना. मग बायांनीच टाकीभोवती फिरून, आपल्या गाडीचा अंदाज धरून, आकडा काढला.